शेतमाल कोठे विकावा? खेळातील बाजार आणि आपला हिशेब

पीक चांगले आणणे ही अर्धी लढाई आहे. उरलेली अर्धी मळणीनंतर सुरू होते. चार महिने राबून पिकविलेल्या मालाचे पैसे किती होणार, हे पुष्कळदा माल कोणत्या दिवशी आणि कोणाच्या दारात नेला यावर ठरते. तरीही बियाणे निवडताना आपण जेवढा विचार करतो, तेवढा विक्रीचे ठिकाण निवडताना करीत नाही. "दरवर्षी तिथेच घालतो" किंवा "शेजाऱ्याने तिकडे नेले म्हणून" हीच कारणे ऐकावयास मिळतात. या लेखात सोयाबीनचे उदाहरण घेऊन विक्रीचे ठिकाण कसे ठरवावे, याचा विचार केला आहे.

संगणकावरील शेती

सुरुवात एका खेळापासून करू. अनेक घरांतील मुले आता संगणकावर शेतीचा खेळ खेळतात. स्वित्झर्लंडमधील जायंट्स सॉफ्टवेअर या कंपनीचा 'फार्मिंग सिम्युलेटर' हा त्यांपैकी एक प्रसिद्ध खेळ असून तो प्रथम २००८ मध्ये आला. त्यात नांगरणी, पेरणी, कापणी असते आणि शेवटी माल विकावयाचाही असतो. सोयाबीन हे पीकसुद्धा त्यात आहे. घरातील मोठी माणसे याला वेळेचा अपव्यय म्हणतात. परंतु या खेळातील विक्रीचा भाग नीट पाहिला तर त्यातून तीन गोष्टी शिकण्यासारख्या आहेत.

पहिली गोष्ट अशी की, खेळणारा माल गाडीत भरण्यापूर्वी भावांची यादी उघडतो. एकाच पिकाला कोणत्या खरेदी केंद्रावर काय भाव आहे, हे त्याला एका नजरेत दिसते. दुसरी गोष्ट, एकाच केंद्रावर एकदम पुष्कळ माल ओतला की तेथील भाव उतरतो, म्हणून जाणता खेळाडू माल विभागून विकतो. तिसरी गोष्ट, वर्षातील ठराविक महिन्यांत भाव चढतो हे ठाऊक असल्याने तो धान्य कोठीत भरून ठेवतो व वाट पाहतो.

खेळात नसलेल्या बाबी

मात्र खेळातला हिशेब जसाच्या तसा आपल्या बाजारात लागू होत नाही, हेही मुलांना समजावून सांगावे. खेळात धान्य वजनावर नव्हे, तर लिटरवर मोजले जाते. त्यामुळे ओलावा, काडीकचरा, डागी दाणे यांचा प्रश्नच येत नाही. हमाली, तोलाई, कडता या कपाती नसतात. कोठीतील धान्याला बुरशी लागत नाही. पैसे तत्काळ जमा होतात. खेळाडूच्या घरी दिवाळी नसते, मुलांची फी नसते आणि रब्बीच्या पेरणीला खत आणावयाचे नसते. आपले नुकसान नेमके या राहून गेलेल्या बाबींत होते. म्हणून सौद्यात पुकारलेल्या भावापेक्षा घरी येणारा निव्वळ भाव हाच विक्रीचे ठिकाण ठरविण्याचा खरा आधार होय.

निव्वळ भाव कसा काढावा?

समजा, एका शेतकऱ्याकडे २० क्विंटल सोयाबीन आहे व त्यात १४ टक्के ओलावा आहे. त्याच्यापुढे तीन जागा आहेत: गावातील व्यापारी, जवळची बाजार समिती आणि ७० किलोमीटरवरील मोठी बाजारपेठ. खालील आकडे समजण्यासाठी घेतले आहेत. प्रत्येकाने त्या जागी आपल्या भागातील आकडे घालावेत.

तक्ता: २० क्विंटल मालाचा हिशेब (रुपये प्रति क्विंटल)

| तपशील | गावातील व्यापारी | जवळची बाजार समिती | दूरची बाजारपेठ |
|---|---|---|---|
| पुकारलेला भाव | ४,२०० | ४,३५० | ४,५०० |
| गाडीभाडे | ० | ६० | १४० |
| हमाली व तोलाई | ० | २५ | ३० |
| कडता (क्विंटलला १ किलो) | ४२ | ० | ० |
| स्वतःचा रोज व जेवणखर्च | ० | १० | ३० |
| निव्वळ भाव | ४,१५८ | ४,२५५ | ४,३०० |

पुकारलेल्या भावात जवळच्या व दूरच्या बाजारात १५० रुपयांचे अंतर दिसते. प्रत्यक्षात हाती उरतात ते क्विंटलमागे ४५ रुपये, म्हणजे २० क्विंटलला ९०० रुपये. एवढ्यासाठी अख्खा दिवस व ७० किलोमीटरचा प्रवास करावा का, हे ज्याचे त्याने ठरवावे. त्या दिवशी दूरच्या बाजारात भाव ५० रुपयांनी उतरला तर हा फायदा संपून उलट तोटा होतो, हेही ध्यानात घ्यावे.

आता हाच हिशेब ५ क्विंटलसाठी करून पाहू. गाडीभाडे मालाच्या प्रमाणात कमी होत नाही. लहान गाडी केली तरी जवळच्या बाजाराला ६०० व दूरच्या बाजाराला २,००० रुपये भाडे पडले आणि रोज व जेवणखर्च पूर्वीइतकाच, म्हणजे अनुक्रमे २०० व ६०० रुपये धरला, तर जवळच्या बाजाराचा निव्वळ भाव ४,१६५ रुपये व दूरच्या बाजाराचा केवळ ३,९५० रुपये पडतो. गावातील व्यापाऱ्याचा भाव ४,१५८ रुपयेच राहतो. म्हणजे २० क्विंटलवाल्या शेतकऱ्याला जो बाजार सर्वांत चांगला, तोच ५ क्विंटलवाल्याला सर्वांत वाईट ठरतो. शेजाऱ्याने नेले म्हणून आपणही न्यावे, हे बरोबर नाही ते यासाठीच.

अल्पभूधारक शेतकऱ्यांनी यावर उपाय म्हणून चार-पाच जणांचा माल एका गाडीत न्यावा. प्रत्येकाच्या पोत्यांवर वेगळी खूण करावी व प्रत्येकाच्या मालाचे वजन स्वतंत्र करून घ्यावे. जवळपास शेतकरी उत्पादक कंपनी असल्यास तिच्याकडेही चौकशी करावी.

कोणता भाव धरावा?

बाजारभावाच्या पत्रकात किमान, कमाल आणि सर्वसाधारण असे तीन भाव असतात. आपली नजर कमाल भावावर जाते. परंतु तो भाव त्या दिवशीच्या उत्तम, कोरड्या व स्वच्छ अशा थोड्या मालाला मिळालेला असू शकतो. हिशेबासाठी नेहमी सर्वसाधारण भाव धरावा. कृषी पणन मंडळाच्या संकेतस्थळावर व ई-नाम व्यवस्थेतही भाव पाहावयास मिळतात. एका दिवसाच्या भावावर विसंबून न राहता निदान आठवड्याचे भाव वहीत उतरवून काढावेत.

ओलावा: वजन आणि भाव यांचा मेळ

"वाळवले की वजन घटते, मग वाळवायचे कशाला?" असा प्रश्न अनेक शेतकरी विचारतात. याचा हिशेब सोपा आहे. १४ टक्के ओलाव्याच्या १०० किलो सोयाबीनमध्ये ८६ किलो कोरडा भाग असतो. तेच सोयाबीन १२ टक्क्यांपर्यंत वाळविल्यास वजन सुमारे ९७.७ किलो भरते. म्हणजे क्विंटलमागे साधारण सव्वादोन किलो घट येते. ४,३५० रुपये भाव धरल्यास ही घट सुमारे १०० रुपयांची होते. वाळविलेल्या मालाला घट आणि मजुरी यांपेक्षा अधिक भाव मिळत असेल तरच केवळ विक्रीसाठी वाळविणे परवडते. परंतु माल साठवावयाचा असल्यास किंवा हमीभाव केंद्रावर न्यावयाचा असल्यास वाळविण्याला पर्याय नाही.

हमीभाव खरेदी केंद्र

केंद्र शासनाने २०२५-२६ हंगामासाठी सोयाबीनची किमान आधारभूत किंमत क्विंटलला ५,३२८ रुपये जाहीर केली. २०२४-२५ मध्ये ती ४,८९२ रुपये होती. हमीभाव खरेदीसाठी ओलाव्याची नेहमीची मर्यादा १२ टक्के आहे. २०२४ च्या नोव्हेंबरमध्ये केंद्राने त्या हंगामापुरती ती १५ टक्क्यांपर्यंत शिथिल केली होती. तथापि, अशी सवलत दरवर्षी मिळेलच असे गृहीत धरून माल नेऊ नये.

वरील २० क्विंटल माल १२ टक्क्यांपर्यंत वाळविल्यास १९.५४ क्विंटल भरेल. ५,३२८ रुपयांप्रमाणे त्याचे १,०४,१०९ रुपये होतात. वाळवणी व चाळणीसाठी १,५०० रुपये, गाडीभाडे १,२०० रुपये व हाताळणी ५०० रुपये वजा केल्यास १,००,९०९ रुपये उरतात. दूरच्या बाजारात हाच माल ८६,००० रुपयांना गेला असता. समजा, केंद्रावर नंबर लागून पैसे जमा होईपर्यंत दोन महिने गेले आणि तोवर घरखर्चासाठी ४०,००० रुपये शेकडा ३ रुपये दरमहा व्याजाने घ्यावे लागले, तर २,४०० रुपये व्याज जाईल. तरीही सुमारे साडेबारा हजार रुपये अधिक राहतात.

हा फायदा मिळविण्याची तयारी मात्र मळणीनंतर नव्हे, तर आधीपासून करावी लागते. सातबाऱ्यावर पिकाची नोंद झालेली असावी. त्यासाठी ई-पीक पाहणी वेळेत करावी. आधार क्रमांक व बँक पासबुक तयार ठेवून मुदतीत नोंदणी करावी. हेक्टरी किती माल घेतला जाईल याची मर्यादा ठरलेली असते, ती अगोदर विचारून घ्यावी. चाळणी केल्याशिवाय माल केंद्रावर नेऊ नये. नाकारलेला माल परत आणण्याचे भाडे आपल्याच खिशातून जाते.

विकावे की थांबावे?

आवक वाढली की भाव उतरतो, हे खेळात आणि बाजारात सारखेच आहे. परंतु थांबल्यावर भाव वाढतोच, हे मात्र खरे नाही. २०२१ च्या जुलै-ऑगस्टमध्ये काही बाजारांत सोयाबीन क्विंटलला दहा हजार रुपयांवर गेले होते. त्याच वर्षी ऑक्टोबरमध्ये नवा माल येताच भाव जवळपास निम्म्यावर आले. पुढील हंगामात त्या भावाच्या आशेने अनेकांनी माल घरात ठेवला, पण २०२३ च्या उन्हाळ्यातही भाव ५,००० रुपयांच्या आसपासच राहिला. सोयाबीन गाळल्यावर सुमारे चार पंचमांश पेंड व एक पंचमांशापेक्षा किंचित कमी तेल मिळते. या दोन्हींचे भाव जागतिक बाजाराशी बांधलेले आहेत. फेब्रुवारी ते मे या काळात ब्राझील व अर्जेंटिनाचा माल बाजारात उतरतो, त्याचा परिणाम आपल्या भावावरही होतो.

थांबावयाचेच असेल तर खाजगी कर्ज काढून थांबू नये. कृषी पणन मंडळाची शेतमाल तारण कर्ज योजना १९९०-९१ पासून बाजार समित्यांमार्फत राबविली जाते. सोयाबीनसाठी चालू बाजारभाव व आधारभूत किंमत यांपैकी जी कमी असेल, तिच्या ७५ टक्क्यांपर्यंत रक्कम ६ टक्के वार्षिक व्याजाने सहा महिन्यांसाठी मिळते. आपल्या उदाहरणातील १९.५४ क्विंटल मालावर ४,३५० रुपये भाव धरल्यास सुमारे ६३,७०० रुपये मिळतील. सहा महिन्यांचे व्याज सुमारे १,९०० रुपये, म्हणजे क्विंटलमागे ९८ रुपये होते. जादा हाताळणी व किरकोळ घट धरून हा खर्च १५० रुपयांवर जातो. याचा अर्थ, सहा महिन्यांत भाव ४,५०० रुपयांच्या वर गेला तरच थांबण्याचा फायदा. तेवढी खात्री वाटत नसेल, तर निकडीपुरता भाग आता विकावा व उरलेला दोन टप्प्यांत विकावा. यात सर्वांत वरचा भाव सगळ्या मालाला मिळत नाही, पण सगळा माल सर्वांत खालच्या भावात जाण्याचे संकटही टळते.

विक्रीपूर्वी घ्यावयाची काळजी

१. घरी किंवा गावातील वजनकाट्यावर माल आधी तोलून घ्यावा.
२. ओलावा मापून घ्यावा. व्यापारी ज्याला 'हवा' म्हणतात, ती किती निघाली हे आपल्याला आधी ठाऊक असले तर बोलणी करता येतात.
३. भिजलेला व कोरडा, डागी व चांगला माल एकत्र करू नये. थोड्या खराब मालाने सगळ्या ढिगाचा भाव उतरतो.
४. भाव ठरविताना कडता किती, हमाली किती व पैसे केव्हा, हे तिन्ही विचारावे. पैसे पुढे देण्याच्या बोलीवर मिळणारा जादा भाव हा खरा भाव नव्हे.
५. बाजार समितीत परवानाधारक व्यापाऱ्यालाच माल द्यावा व हिशेबपट्टी घेतल्याशिवाय परतू नये. बाजार फी ही खरेदीदाराने द्यावयाची असते. ती आपल्या पट्टीत कापली असल्यास बाजार समितीकडे तक्रार करावी.
६. सर्व पट्ट्या जपून ठेवाव्यात. पुढील वर्षीच्या हिशेबाला त्यांच्याइतका भरवशाचा आधार दुसरा नाही.

शेवटी एक सूचना. घरात असा खेळ खेळणारा मुलगा किंवा मुलगी असेल, तर यंदा मळणीच्या आधी वरील तक्ता त्यांच्याकडून आपल्या मालासाठी भरून घ्यावा. गाडीभाडे व हमालीचे आकडे आपण सांगावेत, भाव त्यांनी शोधून आणावेत. पडद्यावर भाव पाहून केंद्र निवडण्याची सवय त्यांना आहेच. त्या हिशेबात ओलावा, भाडे, कडता व व्याज मिळविले की तोच हिशेब आपल्या घरच्या उपयोगाचा होतो. माल गाडीत भरण्यापूर्वी घातलेला हा अर्धा तास वर्षाच्या कमाईत निश्चित भर घालील.