औट आणि औटकी : एका गणिती संज्ञेची व्युत्पत्ती

प्रस्तावना

ध्वनिपरिवर्तनाचे नियम सुट्या उदाहरणांतून शिकले की ते पाठांतराचा विषय वाटू लागतात. म्हणून या पाठात आपण फार उदाहरणे न घेता एकाच शब्दाच्या मागे जाणार आहोत. तो शब्द आहे ‘औट’. आज तो बहुधा एकाच वाक्प्रचारात आपल्या कानांवर पडतो : ‘औट घटकेचा राजा’. अल्पकाळ टिकणारी सत्ता ज्याच्या हाती आली आहे असा मनुष्य, हा त्याचा अर्थ आपणांस ठाऊक असेल. परंतु त्यातील ‘औट’ म्हणजे काय?

पदवी परीक्षेच्या उत्तरपत्रिका तपासताना या प्रश्नाचे एक उत्तर मी एकापेक्षा अधिक वेळा वाचले आहे : ‘जो लवकरच आउट होणार आहे असा राजा.’ उत्तर चुकीचे आहे. पण ते निर्बुद्धपणाचे नाही. अपरिचित शब्द समोर आला की भाषक त्याला परिचित शब्दाचा आधार देतो आणि अर्थ जुळला की समाधान पावतो. यालाच आपण लोकव्युत्पत्ती म्हणतो. येथे ध्वनी जुळतो, अर्थही जुळल्यासारखा वाटतो, आणि तरीही व्युत्पत्ती खोटी ठरते. कारण हा शब्द इंग्रजीशी आपला संबंध येण्यापूर्वी कित्येक शतके मराठीत होता. ज्ञानेश्वरीच्या सहाव्या अध्यायात कुंडलिनीचे वर्णन येते. तिच्या वेढ्यांची संख्या सांगताना ज्ञानदेवांनी ‘औट’ हाच शब्द योजला आहे. ज्ञानेश्वरीचा काळ शके १२१२, म्हणजे इ. स. १२९०. व्युत्पत्ती सांगण्यापूर्वी शब्दाचा जुन्यात जुना उपलब्ध वापर पाहावा, हा नियम आपण येथेच लक्षात ठेवावा.

औट म्हणजे साडेतीन. एक घटका २४ मिनिटांची. औट घटका म्हणजे ८४ मिनिटे, पुरता दीड तासही नव्हे. तेवढ्या वेळेपुरता तो राजा!

पाढ्यांतील औट

हा शब्द जुन्या मराठीत काही केवळ वाक्प्रचारापुरता नव्हता. संतवाङ्मयात मनुष्यदेहाला ‘औट हात’ म्हटले आहे, कारण ज्याच्या त्याच्या हाताने मोजले असता देह साडेतीन हात भरतो अशी समजूत होती. ओंकाराच्या अ, उ, म या तीन मात्रा आणि वरची अर्धमात्रा मिळून ‘औट मात्रा’ होतात. पण शब्दाचे खरे घर होते ते पाढ्यांत. पूर्वीच्या शाळांत पूर्णांकांच्या पाढ्यांखेरीज अपूर्णांकांचेही पाढे मुखोद्गत करावे लागत : पावकी, निमकी, पाऊणकी, सवायकी, दिडकी, अडीचकी आणि औटकी. औटकी हा साडेतीनचा पाढा. त्यात दोनाला सात, तिनाला साडेदहा, चारांना चौदा, पाचांना साडेसतरा अशी चढण असते. मोल्सवर्थच्या मराठी-इंग्रजी कोशातही या शब्दाची नोंद आहे.

आजच्या विद्यार्थ्याला असा पाढा ही नसती शिक्षा वाटेल. परंतु रुपयाचे सोळा आणे होते आणि धान्य शेर-पावशेराने मोजले जात होते, त्या बाजारात याची रोज गरज पडे. साडेतीन आणे शेर या भावाचे बारा शेर धान्य घेतले, तर औटकी येणारा मनुष्य तत्काळ बेचाळीस आणे म्हणे आणि दोन रुपये दहा आणे मोजून देई. १ एप्रिल १९५७ रोजी दशमान नाणी आली, पुढील वर्षापासून मेट्रिक वजने लागू होऊ लागली, आणि या पाढ्यांचे व्यावहारिक प्रयोजन संपले. औटकी शाळेतून गेली, तसा ‘औट’ हा शब्द वाक्प्रचारात कोंडला गेला.

पाढ्यांच्या या नावांकडे थोडे बारकाईने पाहा. ‘निमकी’तील ‘नीम’ फारसी आहे. ‘पाव’ हा संस्कृत ‘पाद’ म्हणजे चतुर्थांश. ‘पाऊण’ म्हणजे पादोन, पावाने उणा. ‘सव्वा’ म्हणजे सपाद, पावासह. भास्कराचार्यांच्या लीलावतीत (इ. स. ११५०) अपूर्णांकांच्या ज्या रीती सांगितल्या आहेत त्यांत भागानुबंध म्हणजे पूर्णांकात भाग मिळवणे आणि भागापवाह म्हणजे भाग वजा करणे या दोन येतात. सव्वा हा शब्द पहिल्या रीतीचा, पाऊण दुसऱ्या रीतीचा. मग दीड, अडीच आणि औट कोणत्या रीतीचे? येथेच खरी गंमत आहे. ते या दोहोंपैकी कोणत्याही रीतीत सरळ बसत नाहीत.

‘चौथा अर्धा’

औट या शब्दाचे मूळ संस्कृत ‘अर्धचतुर्थ’ हे आहे. शब्दशः अर्थ : ज्यात चौथा अर्धा आहे असे. चारातून अर्धा वजा करावा असा हा विचार नाही आणि तिनात अर्धा मिळवावा असाही नाही. वस्तू एकेक करून मोजल्या जात आहेत : पहिली पूर्ण, दुसरी पूर्ण, तिसरी पूर्ण, आणि चौथी अर्धी. संख्यावाचकाऐवजी क्रमवाचक विशेषण वापरून केलेली ही मोजणी आहे. याच पद्धतीने अर्धतृतीय, म्हणजे तिसरा अर्धा, यापासून ‘अडीच’ आले. ‘दीड’चे मूळ द्व्यर्ध, म्हणजे दुसरा अर्धा.

ही पद्धत किती जुनी आहे याचा पुरावा दगडावर कोरलेला आहे. अशोकाच्या तेराव्या शिलालेखात कलिंगयुद्धात देशोधडीला लागलेल्या माणसांची संख्या दीड लाख दिली आहे, आणि तेथील शब्द आहे ‘दियढ’. त्याच्या लघुशिलालेखात, उपासक होऊन अडीच वर्षांहून अधिक काळ लोटला असे सांगताना ‘अढतिय’ हे रूप येते. सव्वादोन हजार वर्षांपूर्वीचे हे शब्द आपल्या दीड आणि अडीच यांचे पूर्वजच होत. पाली ग्रंथांत बुद्धासमवेत असलेल्या १२५० भिक्षूंसाठी ‘अड्ढतेळस’ शते, म्हणजे ‘तेरावे अर्धे’ असलेली शते, असा प्रयोग आहे. बारा शते पूर्ण, तेरावे अर्धे. हिशेब करून पाहा. आणि खुद्द औटचे पूर्वरूप ‘अद्धुट्ठ’ हे जैनांच्या ‘अंतगडदसाओ’ या अर्धमागधी आगमात, द्वारकेतील साडेतीन कोटी कुमारांच्या उल्लेखात सापडते.

ध्वनींचा प्रवास

आता नियमांकडे वळू. ‘अर्ध’मधील र्ध या जोडाक्षराचा प्राकृतात द्ध किंवा ड्ढ होतो. ‘चतुर्थ’चे एक रूप चउत्थ, ज्यापासून आपले ‘चौथा’ आले. दुसरे, र-च्या प्रभावाने मूर्धन्य झालेले, चउट्ठ. समासात ‘च’ दोन स्वरांमध्ये सापडला म्हणून लोपला, स्वर एकमेकांत मिसळले आणि अद्धुट्ठ सिद्ध झाला. येथपर्यंत सारे शिस्तीत चालते. पुढे मात्र द्ध टिकायला हवा होता, तो टिकला नाही. संख्याशब्द घाईने व वारंवार उच्चारले जातात, त्यामुळे त्यांची झीज नेहमीच्या नियमापेक्षा अधिक होते. मधली पायरी आपल्याला जुनी अवधी दाखवते. मलिक मुहम्मद जायसीच्या पद्मावतात ‘अहुठ’ हे रूप आहे, आणि तेही देहाच्या साडेतीन हातांच्याच संदर्भात. मराठीत तो ‘ह’ही गळला, अ आणि उ एकत्र येऊन औ झाला, आणि शेवटच्या ठ-चा ट झाला.

ठ-चा ट का व्हावा? हा मराठीचा आवडता बदल आहे. पुढील जोड्या मोठ्याने वाचा. हिंदी डेढ़, मराठी दीड. हिंदी अढ़ाई, मराठी अडीच. हिंदी साढ़े, मराठी साडे. हिंदी हाथ, मराठी हात. हिंदीने जेथे महाप्राण राखला तेथे मराठीने शब्दाच्या मध्ये किंवा अंती तो सोडून दिला. त्यामुळे अहुठशेजारी औट उभा राहिला की तो एकटा वाटत नाही. सबंध कुटुंबाची ठेवण त्याच्या तोंडावर दिसते. (‘अडीच’च्या शेवटचा च मात्र मला अजून खुपतो. प्राकृत अड्ढाइज्ज पाहता तेथे ज अपेक्षित होता. निव्वळ ध्वनिनियमाने तो सुटत नाही.)

गुजरातीत साडेतीनच्या पाढ्याला ‘ऊठां’ म्हणतात. ‘ऊठां भणाववां’, म्हणजे एखाद्याला औटकी शिकवणे, याचा तेथील लाक्षणिक अर्थ आहे त्याला फसवणे. पाढा अवघड होता याची साक्ष याहून अधिक स्पष्ट कोणती हवी? हिंदी भागात तर पाढे आणखी पुढे गेले. साडेचारचा ‘ढौंचा’ तेथे आहे. मराठी पाढ्यांची मालिका सामान्यतः औटकीपाशी थांबते.

इतर भाषांतील साक्ष

‘दुसरा अर्धा’ म्हणजे दीड, हा विचार जर्मन भाषेतही आहे. तेथील ‘आंडरटहाल्ब’ या शब्दाची फोड तीच होते. जर्मन मनुष्य साडेतीन वाजले हे सांगताना ‘अर्धे चार’ म्हणतो. रोमनांचे ‘सेस्टर्शियस’ हे नाणे म्हणजे ‘तिसरा अर्धा’, कारण त्याची किंमत मुळात अडीच ‘आस’ होती. डॅनिश भाषेत सत्तरला जो शब्द आहे त्याचा उलगडा ‘अर्धा चौथा गुणिले वीस’ असा आहे. साडेतीन विसा सत्तर! म्हणजे डेन्मार्कमधील मनुष्य सत्तर म्हणताना नकळत औटकीच म्हणत असतो.

यावरून हा आदिम आर्यभारोपीय वारसा आहे असा निष्कर्ष काढण्याचा मोह होईल. तो आवरावा. फिनिश आणि हंगेरियन या भाषा त्या कुळातील नाहीत, तरी त्यांतही दीडसाठी ‘दुसरा अर्धा’ हीच रचना आहे. तेव्हा ही मोजणी शेजाराने पसरली असेल किंवा स्वतंत्रपणे सुचली असेल. रचना सारखी असणे आणि मूळ एक असणे या निराळ्या गोष्टी आहेत. संस्कृत अर्धचतुर्थ ते मराठी औट ही वंशपरंपरा ध्वनिनियमांनी दाखवता येते. डॅनिशशी असलेले साम्य तसे दाखवता येत नाही.

साडेतीनचा विजय

मग औट मागे का पडला? त्याचा प्रतिस्पर्धी ‘साडेतीन’ यातील ‘साडे’ संस्कृत ‘सार्ध’ (अर्ध्यासह) पासून आला. ही मिळवणीची सरळ रीत, आणि ती कोणत्याही संख्येला लावता येते : साडेचार, साडेनऊ, साडेअठ्ठावीस. लहान मूल याच न्यायाने ‘साडेएक’, ‘साडेदोन’ म्हणते आणि आपण हसून त्याला दुरुस्त करतो. वस्तुतः मुलाचे व्याकरण आपल्यापेक्षा अधिक सुसंगत असते. दीड आणि अडीच हे शब्द दिवसातून इतक्या वेळा लागतात की नियमाला त्यांना हटवता आले नाही. साडेतीनची गरज तुलनेने कमी, म्हणून तेथे नियम जिंकला. अनियमित रूपे वारंवारतेच्या बळावर टिकतात, हे तत्त्व आपण क्रियापदांच्या बाबतीतही पाहाल.

औट गेला तरी चौथा अर्धा मोजण्याची सवय मात्र गेली नाही. महाराष्ट्रातील साडेतीन शक्तिपीठे आठवा : कोल्हापूर, तुळजापूर आणि माहूर ही तीन पूर्ण, आणि वणीची सप्तशृंगी हे चौथे अर्धे. पेशवाईतील साडेतीन शहाणे घ्या. सखारामबापू बोकील, देवाजीपंत चोरघडे, विठ्ठल सुंदर हे पूर्ण शहाणे. नाना फडणीस लढवय्ये नव्हते म्हणून अर्धे, असे सांगतात. येथे तीन शहाण्यांत अर्धे शहाणपण मिळवलेले नाही. रांगेत उभा असलेला चौथा मनुष्य अर्धा धरलेला आहे. तोंडी शब्द ‘सार्ध’चा, पण मनातली मोजणी अर्धचतुर्थाची.

स्वाध्याय

१. ‘औट घटकेचा राजा’ याचे ‘आउट होणारा राजा’ हे स्पष्टीकरण का अग्राह्य आहे, ते कालाच्या व ध्वनीच्या आधारे आठ-दहा ओळींत लिहा.

२. पाऊण, सव्वा, साडे आणि अडीच यांपैकी कोणता शब्द मिळवणीचा, कोणता वजाबाकीचा आणि कोणता क्रमगणनेचा, ते कारणांसह सांगा.

३. आपल्या घरात किंवा गावात पावकी ते औटकी पाठ असलेली वयोवृद्ध व्यक्ती असेल, तर त्यांच्याकडून औटकी म्हणवून घ्या व जमल्यास ध्वनिमुद्रित करा. उच्चार ऐकू येतील तसेच टिपा. ‘औट’ की ‘अवट’, शेवटी ट की ठ, हे विशेष लक्ष देऊन ऐका. पुस्तकातील रूपाशी जुळावे म्हणून त्यांचा उच्चार दुरुस्त करू नका.