हुबेहूब चेहऱ्यांचा धंदा

नागपुरात बसून लहानसहान जाहिरातींसाठी संगणकावर माणसं बनवतो. त्यातून कळलेलं थोडंफार:

१. गिऱ्हाइकाला चूक दाखवता येत नाही, पण ती जाणवते. "मस्त बनवलं जी भाऊ, पण कसंतरीच वाटून राह्यलं," असं तो म्हणाला की मी आधी डोळे तपासतो. बहुतेक वेळा ओठ हसलेले असतात आणि डोळ्यांखालची कातडी हललेली नसते. किंवा पापण्या घड्याळ लावल्यासारख्या मिटतात.

२. फोटोत खपलेला चेहरा हलू लागला की नकोसा होतो. जपानी यंत्रमानवतज्ज्ञ मासाहिरो मोरी यांनी हे १९७० मध्येच लिहून ठेवलं. यंत्र माणसासारखं होत जातं तशी आपुलकी वाढते, आणि अगदी जवळ आलं की एकदम कोसळते. या कोसळण्याला ते दरी म्हणतात; हालचालीने ती आणखी खोल होते. त्यांचं उदाहरण कृत्रिम हाताचं: दिसायला खरा, हस्तांदोलन केलं तर गार.

३. भीती वेगळी, ही अस्वस्थता वेगळी. तान्ह्या पोळ्याला आमच्याकडे मारबत निघते, म्हणजे भल्यामोठ्या पुतळ्यांची मिरवणूक. काळी १८८१ पासून, पिवळी १८८५ पासून. इडापीडा घेऊन जा म्हणत अख्खं शहर मागे धावतं, पोरं बापाच्या खांद्यावरून बघतात. मिरवणुकीतला बडग्याचा पुतळा कोणावर काढलाय हेही सगळे ओळखतात. पण मारबत काय, बडग्या काय, मी माणूस आहे असं कोणीच म्हणत नाही. शेवटी जाळायचेच असतात. माझ्या चेहऱ्यांचा दावा मोठा, म्हणून त्यांची तपासणीही कडक.

४. श्वास घाला. मे २०२४ मध्ये डीडी किसानवर क्रिश आणि भूमी हे संगणकी निवेदक आले. काटोलकडचे आमचे काका बातमी सोडून एवढंच म्हणाले, "हे पोरगी दम कवा घेते?"

५. बजेट कमी असेल तर हुबेहूबपणाच्या नादी लागू नये, सरळ बाहुला करावा. शब्दभ्रमकार रामदास पाध्ये यांचा अर्धवटराव बाहुलाच आहे, तरी तो बोलू लागला की पाध्यांकडे कोण बघतं?

६. तेरवीसाठी लोक गेलेल्या माणसाचा फोटो आणतात, "बोलता करा" म्हणतात. परक्याला न दिसणारी चूक बायकोला पहिल्या क्षणी दिसते. मान कुठे कलायची हे तिला पाठ असतं. मी फोटो साफ करून, रंग भरून देतो. बोलता करत नाही, दुप्पट पैसे देऊ केले तरी.