एलिओट्रिस : एका शास्त्रीय नावाचा अर्थ व त्याचा उपयोग

पूर्णा नदीच्या खोऱ्यातील खारपाणपट्टा अमरावती, अकोला आणि बुलढाणा या तीन जिल्ह्यांत पसरलेला आहे. तेल्हारा तालुक्याचाही काही भाग त्यात मोडतो. या पट्ट्यात विहिरीचे पाणी खारे निघते; म्हणून पावसाचे गोडे पाणी साठविण्याचे मोल येथील शेतकऱ्यास अधिक. २०१६ साली राज्य शासनाने ‘मागेल त्याला शेततळे’ ही योजना सुरू केली, आणि तळ्यात पाणी आहे तर मासेही वाढवावेत, असा विचार अनेक शेतकऱ्यांच्या मनात येऊ लागला. विचार चांगला आहे. परंतु कटला, रोहू व मृगळ यांचे बीज सोडण्यापूर्वी तळ्यात आधीपासून कोण राहत आहे, याची ओळख पटविणे आवश्यक असते. ती ओळख चुकली, तर वर्षभराच्या मेहनतीवर पाणी पडते.

तळाशी चिखलावर पोट टेकून एखादा मासा निश्चल पडलेला दिसतो. जवळ गेले तरी तो लवकर हलत नाही. पाहणाऱ्यास वाटते, हा मासा सुस्त आहे. याच्यापासून काय अपाय होणार? माहितीची पुस्तके चाळू लागल्यास अशा सवयीच्या माशांना इंग्रजीत ‘स्लीपर’, म्हणजे झोपणारा, असे नाव असल्याचे आढळते, आणि त्यापुढे ‘एलिओट्रिस’ हे शास्त्रीय नाव दिलेले असते. या नावाचा अर्थ काय, ते कोणत्या माशास लावावे, आणि आपल्या तळ्यातील माशास ते लागू पडते काय, या तीन प्रश्नांचा विचार प्रस्तुत पाठात करावयाचा आहे.

नावाचा अर्थ

प्रत्येक प्राण्यास दोन शब्दांचे शास्त्रीय नाव देण्याची पद्धत स्वीडनचे शास्त्रज्ञ लिनियस यांनी रूढ केली. प्राण्यांच्या बाबतीत त्यांच्या १७५८ सालच्या ग्रंथापासून ही नावे अधिकृत मानली जातात. पहिला शब्द प्रजातीचा व दुसरा जातीचा असतो. आपल्याकडे आडनाव आधी व नाव नंतर लिहिण्याची रीत आहे, तसेच हे समजावे. अनेक प्रजाती मिळून एक कुल होते, आणि प्राण्यांच्या कुलाच्या नावाचा शेवट ‘इडी’ असा होतो.

‘एलिओट्रिस’ हे प्रजातीचे नाव आज ब्लॉख व श्नायडर यांच्या १८०१ सालच्या ग्रंथावरून मानले जाते. ब्लॉख हे बर्लिन येथील वैद्य होते. ते १७९९ साली वारले व त्यांचे अपुरे राहिलेले काम श्नायडर यांनी पुरे केले. आपल्या परिचयाचा मरळ मासाही शास्त्रात प्रथम ब्लॉख यांनीच १७९३ साली नोंदविला, हे येथे सांगण्यासारखे आहे.

‘एलिओट्रिस’ हे नाईल नदीतील एका माशाचे प्राचीन नाव होते, असे सांगितले जाते. या शब्दात झोपेचा अर्थ कोठेही नाही. झोपेची कल्पना ‘स्लीपर’ या इंग्रजी बोलीनावात आहे, आणि ते नाव माशाच्या निश्चल पडून राहण्याच्या सवयीवरून पडले. म्हणून ‘एलिओट्रिस म्हणजे झोपाळू मासा’ असे भाषांतर करणे चुकीचे आहे. शास्त्रीय नाव ही खुंटीसारखी वस्तू आहे. खुंटी कोणत्या लाकडाची, यापेक्षा तिला काय अडकविलेले आहे, याला महत्त्व असते.

नावाचा वापर

या प्रजातीवरून तिच्या कुलास ‘एलिओट्रिडी’ असे नाव मिळाले. काही ग्रंथांत हेच कुल ‘एलिओट्रिडिडी’ असे लिहिलेले आढळते. व्याकरणाच्या दृष्टीने मूळ शब्दाचे रूप कसे चालवावे, याविषयीच्या मतभेदातून ही दोन रूपे आली. दोन्हींचा निर्देश एकाच कुलाकडे आहे. आज पहिले रूप अधिक प्रचलित आहे. वाचणाऱ्याने ही दोन निराळी कुले समजू नयेत.

दुसरी गोष्ट अशी की, या नावाची व्याप्ती काळानुसार बदलली आहे. जुन्या ग्रंथांत ‘एलिओट्रिडी’ कुलात पुष्कळ मासे एकत्र घातलेले असत. पुढील अभ्यासाने त्यांतील काही मासे ‘ब्युटिडी’ नावाच्या वेगळ्या कुलात गेले. घरातून भाऊ वेगळे निघाले म्हणजे सातबारा बदलतो, जमीन तीच राहते. तसेच हे होय. म्हणून जुन्या यादीतील कुलाचे नाव पाहून निर्णय करू नये. प्रजाती व जाती हे दोन शब्द पाहावेत.

गोबी व स्लीपर यांतील भेद

स्लीपर मासे हे गोबी माशांचे जवळचे नातलग होत. कोकणच्या खाड्यांतून मिळणारी खरबी आणि चिखलावर उड्या मारणारी निवटी हे गोबींच्याच गोतातील मासे आहेत. गोबी व स्लीपर या दोघांच्याही पाठीवर एकामागे एक असे दोन वेगळे पर असतात. दोघेही तळाशी पडून राहतात. मग भेद कसा करावा?

त्यासाठी मासा उलटा करून त्याच्या पोटाकडील, छातीखालचे दोन पर पाहावेत. गोबीमध्ये हे दोन पर सामान्यतः एकमेकांस जुळून त्यांची लहानशी वाटी बनलेली असते. या वाटीच्या आधाराने तो दगडास वा तळास धरून राहू शकतो. स्लीपरमध्ये हे दोन पर सुटे असतात. ही खूण पाहण्यास कोणतेही यंत्र लागत नाही. पांढऱ्या थाळीत थोडे पाणी घेऊन त्यात मासा ठेवावा व पर काडीने हलकेच पसरावेत. भेद तत्काळ दिसतो.

तेल्हाऱ्याच्या पाण्यात कोणता मासा?

एलिओट्रिस प्रजातीचे मासे किनाऱ्यालगतच्या ओढ्यांत, खाड्यांत व नदीमुखांत राहतात. त्यांची पिले जन्मल्यावर प्रवाहाबरोबर समुद्राकडे जातात व वाढीचा आरंभीचा काळ तेथे घालवून पुन्हा नदीत शिरतात. समुद्राशी असा संबंध असल्याने हे मासे किनाऱ्यापासून फार दूर आढळत नाहीत. आपली वान नदी सातपुड्यातून उतरून पूर्णेस मिळते. पूर्णा चांगदेवाजवळ तापीस मिळते. आणि तापी सुरतेपलीकडे अरबी समुद्रास मिळते. एवढे अंतर, आणि वाटेत हतनूर व उकाई ही धरणे. तेव्हा तेल्हाऱ्याच्या शेततळ्यात तळाशी पडलेला मासा एलिओट्रिस असण्याचा संभव नाही, असे समजावे.

मग तो कोण? महाराष्ट्राच्या नद्यांत व तळ्यांत सर्रास आढळणारा गोबी म्हणजे ‘ग्लॉसोगोबिअस जिउरिस’. याची नोंद हॅमिल्टन यांनी गंगा नदीतील माशांवरील आपल्या १८२२ सालच्या ग्रंथात केली. ‘ग्लॉसा’ म्हणजे जीभ व ‘गोबिअस’ म्हणजे गोबी. या माशाच्या जिभेचे टोक दुभंगलेले असते, त्यास हे नाव शोभते. जुन्या पुस्तकांत हाच मासा नुसत्या ‘गोबिअस’ प्रजातीत घातलेला सापडतो. त्याचे अंग लांबट, डोके चपटे, खालचा जबडा वरच्यापेक्षा पुढे आलेला, आणि कुशीवर काळपट डाग असतात. तो खाडीच्या पाण्यातही राहतो व पूर्ण गोड्या पाण्यातही राहतो. म्हणून समुद्रापासून दूर असलेल्या वऱ्हाडात तो आढळावा, यात नवल नाही.

त्याची झोप खरी नव्हे

आता मुख्य मुद्दा. स्लीपर असो की गोबी, त्याचे निश्चल पडणे हे बकध्यान आहे. बगळा जसा एका पायावर स्तब्ध उभा राहतो आणि मासोळी टप्प्यात येताच चोच मारतो, तद्वत हा मासा तळाच्या रंगात रंग मिसळून पडून राहतो व भक्ष्य जवळ आले की झडप घालतो. पाण्यातील किडे, लहान झिंगे व लहान मासे हे ग्लॉसोगोबिअसचे अन्न आहे. कटला, रोहू व मृगळ यांचे जिरे किंवा लहान पिले अशा तळ्यात सोडली, तर ती त्याच्या तोंडी जातात. मेलेले मासे पाण्यावर तरंगतात, ते दिसतात. खाल्लेले मासे दिसत नाहीत. म्हणून शेतकऱ्यास वर्षाच्या शेवटी जाळे ओढल्यावरच नुकसान कळते, आणि दोष मात्र बीज पुरविणाऱ्यास किंवा स्वतःच्या नशिबास दिला जातो. मरळीसारख्या मोठ्या शिकारी माशास सर्व ओळखतात व काढून टाकतात. हा मासा लहान व स्वस्थ दिसतो म्हणून राहून जातो.

उपाय

१. उन्हाळ्यात शेततळे पूर्ण कोरडे करता येत असेल, तर तो सर्वांत उत्तम व बिनखर्ची उपाय आहे. कोपऱ्यात थोडेही डबके शिल्लक ठेवू नये. नको असलेले मासे नेमके तेथेच तग धरतात.

२. तळे कोरडे होत नसेल, तर प्रथम बारीक आसाचे जाळे वारंवार ओढावे. तळाशी चिकटून राहणारे मासे जाळ्याखालून निसटतात. म्हणून त्यानंतर मोहाची पेंड वापरावी. एक मीटर खोल पाण्यास हेक्टरी सुमारे २,५०० किलो, म्हणजे गुंठ्यास सुमारे २५ किलो, हे प्रमाण आहे. पाणी कमी असेल तर पेंड त्या मानाने कमी लागते. म्हणून आधी पाणी उतरवून घ्यावे. पेंड रात्री भिजत घालून सकाळी सर्व तळ्यावर सारखी फेकावी. तिच्यातील सॅपोनिन या द्रव्याने मासे मरतात. पुढे हीच पेंड कुजून खताचे काम करते.

३. पेंडीचा विषारी परिणाम सुमारे तीन आठवडे राहतो. त्या मुदतीत गुरांना तेथे पाणी पाजू नये व ते पाणी नाल्यात सोडू नये. नंतर तळ्यात लहान हापा बांधून त्यात थोडी बोटुकली ठेवून पाहावी. ती एक दिवस सुखरूप राहिली, तरच बाकीचे बीज सोडावे. पिकावरील कीटकनाशक या कामासाठी कधीही वापरू नये.

४. नाल्याचे किंवा कालव्याचे पाणी तळ्यात घेताना पाइपाच्या तोंडावर बारीक जाळी बांधावी. नको असलेल्या माशांची अंडी व पिले याच वाटेने येतात.

५. बीज घेताना ते थाळीत काढून पाहावे. कटला, रोहू व मृगळ यांच्या पाठीवर एकच पर असतो. ज्या पिलाच्या पाठीवर दोन पर दिसतील, ते वेगळे काढावे.

६. शक्य तेथे जिरे न सोडता ७५ ते १०० मिलिमीटर लांबीची बोटुकली सोडावी. ती लहान शिकारी माशाच्या तोंडात सहजी मावत नाही.

वरील उपाय शेतकऱ्याच्या स्वतःच्या तळ्यापुरते आहेत. नदीत किंवा गावतलावात ग्लॉसोगोबिअस हा तेथील मूळचा रहिवासी आहे व लोक तो खातात. तेथून त्याचा नायनाट करण्याचे काही कारण नाही.

नाव नीट लिहिण्याची सवय

बोलीनावावर विसंबून राहिल्याने नुकसान कसे होते, याचे दुसरे उदाहरण ‘मांगूर’ हे होय. या एका नावाने देशी मागूर, म्हणजे ‘क्लॅरिअस मागूर’, ओळखला जातो, आणि आफ्रिकेतून आलेला ‘क्लॅरिअस गॅरिपिनस’ हाही ‘थाई मांगूर’ म्हणून विकला जातो. दुसऱ्या माशाच्या पालनास भारत सरकारने २००० साली बंदी घातली. पावतीवर नुसते ‘मांगूर’ लिहिलेले असेल, तर शेतकऱ्याने कायदा पाळला की मोडला, हे त्या पावतीवरून ठरविता येत नाही. दोन शब्दांचे शास्त्रीय नाव लिहिलेले असेल, तर संशयास जागा राहत नाही.

म्हणून ग्रामकार्यकर्त्यांनी एक लहानशी वही ठेवावी. गावातील भोई बांधव व वडीलधारी माणसे एखाद्या माशास कोणते नाव देतात, ते प्रथम लिहावे. त्याखाली मासा कोठे सापडला, पाठीवर पर किती, पोटाखालचे पर जुळलेले की सुटे, हे लिहावे. आणि ओळख पक्की झाल्यावरच शास्त्रीय नाव लिहावे. ओळख न पटल्यास मासा जिल्ह्याच्या मत्स्यव्यवसाय कार्यालयात दाखवावा. गावचे नाव खोडून टाकू नये. ते आपल्या गावापुरते खरे असते. शास्त्रीय नाव त्याच्या शेजारी बसले, म्हणजे तेल्हाऱ्याची नोंद रत्नागिरीस व कोलकत्यासही समजते.

पाठाचा सारांश

एलिओट्रिस हे किनाऱ्याजवळील स्लीपर माशांच्या प्रजातीचे नाव आहे. त्याचा अर्थ झोपाळू असा नाही. पोटाखालचे पर सुटे तो स्लीपर, जुळून वाटी झालेली तो गोबी. आपल्या तळ्यात असा मासा दिसल्यास तो बहुधा ग्लॉसोगोबिअस असतो. तो निजलेला नसून टपून बसलेला असतो. बीज सोडण्यापूर्वी त्यास तळ्याबाहेर काढावे.

अभ्यास

१. आपल्या गावातील नाल्यातून किंवा तलावातून तळाशी राहणारा एक मासा मिळवून त्याच्या पोटाखालचे पर तपासा व वहीत आकृती काढा.

२. पाच गुंठ्यांच्या तळ्यात एक मीटर पाणी आहे. मोहाची पेंड किती लागेल? पाणी अर्धा मीटर उतरविल्यास पेंडीची किती बचत होईल?