स्थलांतरित मजूर आणि लहान देशाचा विकास : लेसोथोचे उदाहरण

लेसोथो हा डोंगराळ देश चारी बाजूंनी दक्षिण आफ्रिकेने वेढलेला आहे. ४ ऑक्टोबर १९६६ रोजी तो स्वतंत्र झाला, पण तेथील चूल पेटत होती ती शेजारच्या सोन्याच्या खाणींवर. १९८० च्या दशकाअखेरीस सव्वा लाखाच्या आसपास बासोथो पुरुष या खाणींत राबत होते. मनीऑर्डरची वाट पाहणारी गावे आपल्याला नवीन नाहीत. येथे अवघा देशच तसा होता.

हा देश मुळातच कंगाल होता असे विद्यार्थ्यांनी समजू नये. १८६० च्या दशकातील लढायांत कॅलिडन नदीपलीकडची सुपीक जमीन बोअर लोकांनी बळकावली. तरीही १८७० नंतर किंबर्लीच्या हिऱ्यांच्या खाणींना बासोथो शेतकरी धान्य पुरवीत होते. पुढे रेल्वेने बाहेरचे स्वस्त धान्य आले, उरलेल्या जमिनीवर माणसे वाढली आणि १८८६ मध्ये सोने सापडल्यावर खाणींना मजूर हवेच होते. असे असता १९७५ च्या जागतिक बँकेच्या अहवालात लेसोथोचे चित्र जणू बाजाराचा वारा न लागलेला मागासलेला शेतीप्रधान देश असे रंगविले गेले. जेम्स फर्ग्युसन या मानववंशशास्त्रज्ञाने १९९० च्या आपल्या ग्रंथात त्याचा चांगलाच समाचार घेतला. रोग एक आणि औषध दुसरेच! दुष्काळातही गुरे न विकणारा शेतकरी अडाणी, असे तज्ज्ञ म्हणत. फर्ग्युसनने दाखविले की परगावी असलेल्या मजुराची ती म्हातारपणाची ठेव होती. रोख पैशावर घरातील इतरांचा हक्क पोहोचे, गुरांवर सहसा नाही. आम्हा बँकवाल्यांच्या भाषेत बोलायचे तर गोठा म्हणजे मुदत ठेव.

खुद्द बँकेचीही योजना होती. १९७४ च्या कायद्याने मजुराच्या वेतनातील ६० टक्के भाग सक्तीने लेसोथो बँकेत जमा होई व करार संपवून तो मायदेशी परतल्यावर त्याला मिळे. पैसा देशात यावा, बँकेला भांडवल मिळावे, हा हेतू वाईट म्हणता येणार नाही. परंतु घाम गाळणाऱ्याला विचारले कोणी? १९७५ च्या आरंभी खाणींत याविरुद्ध दंगली उसळल्या. पुढे हे प्रमाण ३० टक्क्यांवर आले.

मग एवढा पैसा येऊनही उद्योग का उभे राहिले नाहीत? कारण मजुरी घरी येई आणि मक्याचे पीठ, कापड, साखर यांच्या किमतीच्या रूपाने पुन्हा दक्षिण आफ्रिकेत जाई. १९१० पासून दोघांचा जकात संघ एकच. शेजारच्या मोठ्या कारखानदारीपुढे लहान देशातील नवा धंदा टिकणे कठीण. धडधाकट पुरुष खाणीत, नांगर बाईच्या हाती, आणि १९६३ नंतर तिला सीमेपलीकडे काम शोधण्यासही जवळजवळ बंदी.

१९९० नंतर खाणींनी माणसे कमी केली. २०१० पर्यंत बासोथो खाणमजूर पन्नास हजारांच्या आत आले. परतलेल्या अनेकांच्या छातीत सिलिकाची धूळ होती. त्यांच्या भरपाईचा सामूहिक दावा २०१८ मध्ये तडजोडीने मिटला. जोहान्सबर्गच्या न्यायालयाने २०१९ मध्ये त्यास मान्यता दिली. कित्येक मजूर तोवर मरून गेले होते.

आता घर चालविण्याचा भार मासेरूच्या कापड कारखान्यांतील स्त्रियांवर आला. अमेरिकेने २००० मध्ये दिलेल्या जकातमाफीवर हे कारखाने वाढले. एप्रिल २०२५ मध्ये त्याच अमेरिकेने लेसोथोच्या मालावर ५० टक्के जकात जाहीर केली. ती पुढे १५ टक्क्यांवर आली, पण दरम्यान मागण्या थांबल्या आणि अनेकींच्या हातचे काम गेले.