एका खोलींतील छत्तीस माणसें

चित्रपट म्हटला कीं त्यांत कांहीं कथानक असावें, अशी आपली समजूत असते. परंतु कथानकावांचूनही चित्रपट मनास विचार करावयास लावूं शकतो. पोलंडमधील झ्बिग्न्येव रिबचिन्स्की यांनीं १९८० सालीं वूच शहरांतील से-मा-फोर या संस्थेंत तयार केलेला 'टँगो' हा सुमारें आठ मिनिटांचा लघुपट याचें उत्तम उदाहरण होय.

पडद्यावर एकच साधी खोली दिसते. खिडकींतून एक चेंडू आंत येतो. मागोमाग एक मुलगा आंत शिरतो, चेंडू घेतो आणि निघून जातो. चेंडू पुन्हां येतो, मुलगाही पुन्हां येतो. इतक्यांत एक माता बाळाला घेऊन प्रवेश करते. पुढें एक गृहस्थ कपाटावर पुडकें ठेवतो, चोर तें पळवितो. कोणी जेवतो, कोणी दिवा बदलूं लागतो. असे एकामागून एक छत्तीस जण येतात व आपापलें ठराविक काम पुनःपुन्हां करीत राहतात. खोली गजबजून जाते. तरी कोणाचा कोणास धक्का लागत नाहीं, आणि शेजारून जाणाऱ्याकडे कोणी पाहतही नाहीं.

हें साधलें कसें? एकेका नटाचें चित्रण स्वतंत्रपणें करण्यांत आलें. नंतर त्याची आकृति तेवढीच उमटावी म्हणून, भोवतालचा भाग झांकणाऱ्या सुमारें १६,००० आकृति पारदर्शक पत्र्यांवर हातानें रंगविल्या आणि सर्व चित्रें यंत्राच्या साह्यानें एकाच फितीवर छापलीं. पडद्यावर सेकंदास २४ चित्रें सरकतात. म्हणजे आठ मिनिटांस ११,५२० चित्रें झालीं! या कामास सुमारें सात महिने लागले. १९८३ सालीं या लघुपटास अ‍ॅनिमेशन विभागाचें ऑस्कर पारितोषिक मिळालें.

येथें रचना आणि अर्थ एकरूप झाले आहेत. चित्रणाच्या वेळीं हे नट एकत्र नव्हतेच. म्हणून ती गर्दी खरोखर एकट्यांचीच गर्दी आहे. एकाकीपणास ओसाड जागाच लागते असें नाहीं. भरलेल्या घरांतही तो नांदूं शकतो.

अखेरीस एकेक जण निघून जातो. पलंगावर एक वृद्धा तेवढी उरते. चेंडू पुन्हां आंत येतो. या वेळीं मात्र तीच उठून तो उचलते व बाहेर जाते. इतका वेळ ज्याच्याकडे मुलावांचून कोणाचें लक्ष गेलें नव्हतें, त्याची दखल अखेर दुसऱ्या कोणी घेतली.

नित्यक्रम हा शत्रु नव्हे. रोजच्या कामांवरच घर चालतें. परंतु हातांतील काम क्षणभर थांबवून शेजारच्या माणसाकडे पाहण्यास छत्तीस जणांपैकीं कोणासच सवड झाली नाहीं. आपल्या घरीं ती आज कोणास होईल?