बीड आणि पोलाद

बिडाचा तवा वर्षानुवर्षे चुलीवर तापतो. पण तो फरशीवर पडला, तर सहज दुभंगतो. पोलादी पळी पडली, तर फार तर वाकते. बीड कठीण असते, चिवट नसते. दगडाप्रमाणे ते दाब उत्तम सोसते. ताण मात्र त्यास फारसा सोसवत नाही.

स्कॉटलंडातील टे नदीवर टॉमस बाउच या स्थापत्यविशारदाने बांधलेला सुमारे दोन मैल लांबीचा रेल्वेपूल १८७८ साली सुरू झाला. त्याच्या मधल्या उंच गाळ्यांचे खांब बिडाचे होते. गाडीचा भार म्हणजे दाब. तो त्यांनी बिनतक्रार पेलला. परंतु आडवा वारा खांबांना लोटू लागला, की त्यांना सावरणाऱ्या तिरप्या लोखंडी पट्ट्या ताणल्या जात, आणि त्या पट्ट्या ज्या कानांना जखडलेल्या होत्या, ते कानही बिडाचेच! वाऱ्याच्या जोराचा वेगळा हिशेब बाउचने केलाच नव्हता. २८ डिसेंबर १८७९ च्या रात्री वादळात पूल कोसळला. आगगाडीतील एकही माणूस वाचला नाही.

पुढे लंडनमध्ये डेव्हिड कर्कल्डी यांच्या यंत्रात तसे कान ओढून पाहण्यात आले. अपेक्षेहून पुष्कळच कमी ओढीस ते तुटले. ही परीक्षा पूल बांधण्यापूर्वी व्हावयास हवी होती.

जवळच्याच फोर्थ खाडीवरील पुलाचे बाउचचे काम थांबविण्यात आले. तेथे १८९० साली नवा पूल उभा राहिला, तो ५०,००० टनांहून अधिक पोलादाचा. त्यावरून आजही गाड्या धावतात.