शेवटच्या सात पायऱ्या

काशीच्या ब्रह्मा घाटाशी मराठी माणसाचे नाते जुने आहे. अठराव्या शतकात पेशव्यांच्या आश्रयाने नारायण दीक्षित पाटणकर यांनी या परिसरात वस्ती वसविली आणि ब्रह्मा घाट, दुर्गा घाट, पंचगंगा या टापूत महाराष्ट्रातून आलेली घराणी पिढ्यान्‌पिढ्या नांदली. गौड सारस्वतांच्या काशी मठाचे मूळ स्थानही याच घाटावर आहे. माझी धाकटी बहीण विवाहानंतर इथल्याच एका गल्लीत आली. त्यामुळे बँकेच्या सेवेतून निवृत्त झाल्यावर २०२५ च्या कार्तिकात महिनाभर तिच्याकडे राहण्याचा योग आला. पहाटे घाटाच्या पायऱ्या उतरून स्नान करावे, सायंकाळी पंचगंगेवरचे आकाशदीप पाहावेत, एवढाच बेत मनाशी होता. प्रत्यक्षात त्या मुक्कामातील कित्येक संध्याकाळी मी एका संगणकीय खेळाचे गणित मांडण्यात घालविल्या. ते गणित ग्राहकांस आणि विशेषतः आपल्या तरुण सहकाऱ्यांस उपयोगी पडेल असे वाटल्यावरून हा लेखनप्रपंच.

निमित्त झाले भाच्याचे. वाणिज्य शाखेचा पदवीधर, वय बावीस. परिवीक्षाधीन अधिकारी पदाच्या प्राथमिक परीक्षेत एकदा थोडक्यात हुकलेला. मी पोहोचलो त्याच रात्री बहिणीने गाऱ्हाणे मांडले : "दादा, तू तरी याला काही सांग. अभ्यास संपला म्हणतो आणि बसल्या जागी लाकडे तोडतो!"

लाकडे तोडतो हे अक्षरशः खरे होते. महाजालावरील भूमिकाधारी खेळांत खेळाडू एक पात्र धारण करतो. ते पात्र एका कल्पित जगात वावरते. जगभरातील सहस्रावधी खेळाडूंची पात्रेही तिथेच नांदत असतात. पात्राला कौशल्ये शिकावी लागतात : लाकूडतोड, मासेमारी, स्वयंपाक, लोहारकाम, तलवारबाजी. प्रत्येक कृतीगणिक अनुभवाचे गुण जमा होतात आणि ठरावीक गुण साठले की पात्र वरच्या पातळीवर जाते. भाचा खेळत होता तो रूनस्केप हा ब्रिटिश खेळ २००१ मध्ये सुरू झाला. त्याची जुन्या वळणाची आवृत्ती २०१३ पासून स्वतंत्रपणे चालते. तीत कौशल्याच्या पातळ्या नव्व्याण्णव. भाचा लाकूडतोडीच्या पंच्याऐंशीव्या पातळीवर उभा होता.

"म्हणजे आता चौदाच राहिल्या," मी म्हणालो. निवृत्त बँकरला शोभणारी वजाबाकी!

"मामा, चौदा नाहीत. तीन चतुर्थांश राहिल्या."

त्याने आकडे लिहून दाखविले तेव्हा मी खुर्ची ओढून बसलो. दुसऱ्या पातळीस ८३ गुण पुरतात. पन्नासाव्या पातळीस १,०१,३३३ लागतात. पंच्याऐंशीव्या पातळीस ३२,५८,५९४, ब्याण्णवाव्या पातळीस ६५,१७,२५३ आणि नव्व्याण्णवाव्या पातळीस १,३०,३४,४३१. पन्नासाव्या पातळीवर निम्मी वाट सरली असे कोणासही वाटेल. वास्तविक तिथे एकूण श्रमाचा शेकडा एक भागही झालेला नसतो. खरा मध्य ब्याण्णवाव्या पातळीवर येतो. शेवटच्या सात पायऱ्यांना जेवढे कष्ट, तेवढेच त्याआधीच्या सगळ्या पायऱ्यांना मिळून पडतात.

आकडे पाहताच माझ्या ध्यानी आले की ही आपल्या ओळखीचीच रेषा आहे. दर सात पातळ्यांनी गुण दुप्पट होतात. बँकेत आपण ७२ चा नियम सांगतो : व्याजाच्या दराने ७२ ला भागले की रक्कम दुप्पट होण्यास लागणारी वर्षे मिळतात. ७२ ला ७ ने भागा, सुमारे सव्वादहा येतात. म्हणजे खेळ रचणाऱ्यांनी दर पायरीस दहा टक्क्यांहून थोडे अधिक असे चक्रवाढ व्याज खेळाडूच्या श्रमांवर लावले आहे! फरक एवढाच की ठेवीत ही चक्रवाढ आपल्या बाजूने चालते आणि कौशल्यात आपल्याकडून वसूल होते. एक लाख रुपये ७.२ टक्के दराने चक्रवाढ ठेवले तर दहा वर्षांत साधारण दोन, वीस वर्षांत चार आणि तीस वर्षांत आठ लाख होतात. अखेरच्या दहा वर्षांनी एकट्यांनी चार लाख दिले. मध्येच ठेव मोडणारा ग्राहक नेमकी हीच वर्षे गमावतो, हे काउंटरवर बसून मी असंख्य वेळा समजावले असेल. श्रमाच्या बाजूने तोच हिशेब मात्र मला एका खेळाने समजाविला.

हे चांगले खेळाडू नियोजन कसे करतात ते पाहण्यासारखे आहे. गाठावयाच्या पातळीच्या गुणांतून हातचे गुण वजा करावयाचे आणि एका कृतीस मिळणाऱ्या गुणांनी भागावयाचे. भाच्याचे उरलेले गुण ९७,७५,८३७. यू नावाच्या झाडाचा एक ओंडका तोडला की १७५ गुण. म्हणजे ५५,८६२ ओंडके. त्याने घड्याळ लावून मोजले होते : तासाला सरासरी चाळीस हजार गुण पडत. तेव्हा सुमारे २४५ तास. रोज एक तास दिला तर आठ महिने, दोन तास दिले तर चार. "नव्व्याण्णव करीन" या इच्छेचे असे तासांत रूपांतर झाले की ती करावी की न करावी, हे निदान ठरविता तरी येते.

क्रमालाही तेवढेच महत्त्व. याच खेळात धबधब्याची एक कामगिरी आहे. ती पार पाडली की आक्रमण आणि शक्ती या दोन कौशल्यांत प्रत्येकी १३,७५० गुण एकदम मिळतात. नवख्या खेळाडूचे पात्र त्या एका फटक्यात पहिल्या पातळीवरून तिसाव्यावर जाते. तीच कामगिरी पंच्याऐंशीव्या पातळीवर केली तर पुढच्या एका पायरीचा पंचविसावा हिस्साच हाती लागतो. गुण तेच, श्रम तेच. केव्हा केले यावर त्यांचे मोल ठरते. जाणते खेळाडू म्हणून अशा कामगिऱ्या आरंभीच उरकतात.

इव्ह ऑनलाइन या आइसलँडमधील खेळाची (२००३) तऱ्हा निराळी. तिथे कौशल्यांची रांग लावून ठेवावयाची. संगणक बंद करून खेळाडू झोपी गेला तरी प्रशिक्षण घड्याळाच्या गतीने चालूच राहते. मुदत ठेवच म्हणा ना! प्रत्येक कौशल्याच्या पातळ्या पाचच. साध्या कौशल्याच्या चौथ्या पातळीस एकूण सुमारे ४५ हजार गुण लागतात आणि पाचव्या पातळीस २ लाख ५६ हजार. पात्राला मिळणारा लाभ मात्र बहुधा दर पातळीस सारखाच वाढतो. म्हणजे शेकडा अठरा वेळात शेकडा ऐंशी लाभ पदरात पडतो आणि उरलेल्या विसांसाठी उरलेला सगळा वेळ मोजावा लागतो. यावरून तेथील अनुभवी खेळाडू नवख्यास सांगतात की आधी गरजेची सगळी कौशल्ये चौथ्या पातळीवर आण. पाचवी पातळी फक्त तिथे घे, जिथे तिच्यावाचून पुढचे दार उघडत नाही.

हे ऐकून मी भाच्याला मागच्या परीक्षेचे गुण विचारले. अंकगणितात उत्तम, तर्कशक्तीत बरे, इंग्रजीत विभागाची किमान मर्यादाही गाठता आली नव्हती. प्राथमिक परीक्षेत तिन्ही विभाग स्वतंत्रपणे उत्तीर्ण व्हावे लागतात. अंकगणिताची पाचवी पातळी गाठण्यात त्याचे चार महिने गेले होते, कारण ते त्याला आवडते. खेळात असली चूक तो कधीच करता ना! तो बराच वेळ गप्प राहिला. मग म्हणाला, "पण मामा, इंग्रजीचाही सगळा अभ्यासक्रम मी पुरा केला होता. प्रत्येक प्रकरणापुढे खूण आहे." वहीत खरोखरच खुणा होत्या, एकही जागा रिकामी नव्हती.

या कोड्याचा उलगडा शेजारच्या गुरुजींकडे झाला. वय ऐंशीच्या घरात, ऋग्वेदाचे घनपाठी. मी त्यांच्याकडे गेलो होतो तो वेगळ्याच कुतूहलाने. त्या दिवसांत जवळच रामघाटावरील सांगवेद विद्यालयात अहिल्यानगरचे एकोणीस वर्षांचे देवव्रत महेश रेखे शुक्ल यजुर्वेदाच्या माध्यंदिन शाखेचे दंडक्रम पारायण करीत होते. सुमारे दोन हजार मंत्र, पन्नास दिवस, खंड नाही. नोव्हेंबर २०२५ च्या अखेरीस ते पूर्ण झाले आणि देशभर त्याचा गौरव झाला. एवढे एका तरुणाच्या कंठात राहते कसे, असे मी गुरुजींना विचारले. भाचाही सोबत होता.

गुरुजींनी आधी पायऱ्या सांगितल्या. संहिता म्हणजे मंत्र जसाच्या तसा. पद म्हणजे शब्द सुटे करून. क्रम म्हणजे पहिला-दुसरा, दुसरा-तिसरा अशा जोड्या. पुढे जटा : पहिला-दुसरा, दुसरा-पहिला, पुन्हा पहिला-दुसरा. अखेर घन, ज्यात तिसरा शब्दही येऊन मिळतो आणि उलटसुलट आवर्तने होतात. भाच्याने बोटांवर मोजले. एक शब्द पुढे सरकण्यास संहितेत एक उच्चार, क्रमात दोन, जटेत सहा, घनात तेरा. "मामा, ही आमचीच रेषा!" तो जवळजवळ ओरडला. ऋग्वेदाच्या दहा हजारांहून अधिक ऋचांस ते तेरा लावून पाहावेत, म्हणजे घनपाठी या शब्दाचे वजन कळेल. २००३ मध्ये युनेस्कोने वेदपठणाच्या परंपरेचा गौरव केला तो उगीच नव्हे.

गुरुजींना मी खेळाविषयी सांगितले. त्यांनी निंदा केली नाही. एकच प्रश्न विचारला. "अरे, चार महिने खेळला नाहीस तर तुझी पातळी खाली येते का?"

"नाही गुरुजी. मिळालेला अनुभव कधी कमी होत नाही."

"मग तो सोपा आहे. आमच्याकडे चार महिने म्हटले नाही तर जाते. नवी संथा थोडी आणि आवृत्ती पुष्कळ, असाच दिवस आखावा लागतो. नव्या पाठाची हौस कोणालाही असते. जुना पाठ रोज कोण म्हणतो, एवढेच आम्ही विद्यार्थ्यात पाहतो."

वहीतील खुणांचा अर्थ मला तेव्हा उमगला. भाच्याने अभ्यासाचे नियोजन खेळाच्या रीतीने केले होते. प्रकरण झाले, खूण केली, गुण जमा! खेळाच्या खात्यात घसारा नाही. स्मरणशक्तीच्या खात्यात तो रोज पडतो. जूनमध्ये शिकलेले व्याकरण ऑक्टोबरात शिल्लक राहील हे त्याने गृहीत धरले होते. त्याचे गणित बिनचूक होते, परंतु ताळेबंदात एक रकाना मुळातच नव्हता.

मी तरी कोणत्या तोंडाने उपदेश करणार? आमच्या काळी सीएआयआयबीचे दोन भाग असत. पहिला भाग मी उत्साहाने एका दमात उत्तीर्ण झालो आणि दुसरा "आता निम्माच राहिला" म्हणून पुढे ढकलीत गेलो. बदल्या, प्रपंच, शाखेची कामे यांत पहिल्या भागाचे वाचलेले पुसले गेले आणि दुसरा कधीच झाला नाही. त्या पात्रतेची वेतनवाढ सहकाऱ्यांस मिळाली, मला मिळाली नाही. निवृत्तिवेतनावरही तिचा परिणाम राहिला. निम्मे कशाला म्हणावे हेच मला उमगले नव्हते.

मामाचा व्यवसाय सुटत नाही म्हणून दोन व्यवहाराच्या गोष्टी भाच्याला सांगितल्या, त्या इथेही सांगतो. खेळाचे मासिक सदस्यशुल्क खात्यातून आपोआप जात असेल तर ती स्थायी सूचना कोणत्या तारखेपर्यंत आहे ते तपासावे. ऑक्टोबर २०२१ पासून अशा वजावटीआधी चोवीस तास बँकेकडून सूचना येते, ती वाचावी. आणि "तुमचे पात्र आम्ही वाढवून देतो" असे म्हणणाऱ्यास परवलीचा शब्द किंवा ओटीपी कधीही देऊ नये. पैसे लावून खेळावयाच्या खेळांची गोष्टच वेगळी. ते २०२५ च्या केंद्रीय कायद्याने निषिद्ध ठरले आहेत.

खेळ पूर्ण बंद करावा, असा बहिणीचा आग्रह होता. मी तो धरला नाही. दिवसाकाठी किती तास हाती आहेत ते भाच्याने स्वतःच लिहिले : आठ. त्यांतून यूची झाडे आधी कोणी वजा केली नव्हती. ती चोरपावलांनी येत आणि उजळणीचा वेळ खात. नव्या तक्त्यात तीन रकाने पडले. नवा पाठ अडीच तास, त्यातले दोन इंग्रजीस. उजळणी साडेचार तास, तीही कालचे, आठवड्यापूर्वीचे आणि महिन्यापूर्वीचे अशा तीन वाट्यांत. उरलेला एक तास लाकडांसाठी, रात्री जेवणानंतर, तोही उजळणीचा रकाना भरला असेल तरच. नव्व्याण्णवाऐवजी तूर्त ब्याण्णव हे लक्ष्य त्याने आपणहून ठरविले. "तो खरा मध्य आहे, मामा. तिथे थांबून पुढचे ठरवीन." अंकगणिताला नव्या पाठात अर्धाच तास आला याचे त्याला वाईट वाटत होते, ते दिसत होते.

तक्ता भिंतीवर चिकटवून मी परतलो. परवा बहिणीचा दूरध्वनी आला. परीक्षा अजून व्हावयाची आहे. भाचा सत्त्याऐंशीव्या पातळीवर पोहोचला आहे आणि उजळणीच्या रकान्याला दोनदा नवा कागद जोडावा लागला. सकाळी तो घाटावर जातो, पायऱ्यांवर बसून इंग्रजीचे नियम मोठ्याने म्हणतो आणि गुरुजी वरून जाता-येता त्याचे उच्चार सुधारतात, जरी त्यांना इंग्रजी येत नाही.